पोपळे सरांचं पाचवं प्रकरण

आमच्या लातुरात पोपळे नावाचे एक प्राध्यापक होते, असं सांगणारी माणसं मला अजून भेटतात. मी त्यांना दुरुस्त करत नाही. सरांनी स्वतः कधी केलं नाही, तर मी कोण? पण आता लिहायलाच बसले आहे तर एकदा सांगून टाकते. त्यांचं नाव महारुद्र खानापुरे. मूळचे उदगीरचे, कापड दुकानदाराचे चिरंजीव. घरात कानडी, दुकानात मराठी आणि गल्लीत दखनी बोलत वाढलेले. कॉलेजात समाजशास्त्र शिकवायचे आणि दुसऱ्या तासापासून त्यात मानववंशशास्त्र घुसवायचे.

माझा टायपिंगचा क्लास कॉलेजच्या फाटकासमोर, पिठाच्या गिरणीच्या माडीवर होता. खाली ज्वारी दळली जायची आणि वर आमची यंत्रं खडखडायची, त्यामुळे त्या इमारतीत हळू बोलण्याची सोयच नव्हती. माझ्याकडच्या मराठी यंत्रांपैकी सगळ्यात जुनं मी कुणाला शिकायला देत नसे, कारण माडी चढवताना ते एकदा हमालाच्या हातून पडलं होतं आणि तेव्हापासून त्याच्या ‘ळ’ची शेपटी तुटली होती. बाकी ते यंत्र गुणी होतं. स्वतःची कामं मी त्याच्यावरच करायची. अर्ज असो, प्रतिज्ञापत्र असो, माझ्या हातचा कागद लंगड्या ‘ळ’वरून ओळखू यायचा.

सरांना मी पहिल्यांदा ऐकलं ते खिडकीतून. समोरच्या वर्गात उभं राहून ते मुलामुलींना सांगत होते, “तिकडं घर बाईचं असतं. नवरा तिच्या घरी राहायला येतो. पटलं नाही तर ती त्याचं सामान दाराबाहेर ठेवते. संपलं. कोर्ट नाही, वकील नाही.” वर्गातल्या मुली खूश, मुलगे अस्वस्थ. ‘तिकडं’ म्हणजे अमेरिकेतल्या रखरखीत भागात, जिथं पुएब्लो लोकांची मातीची, एकावर एक रचलेली घरं आहेत आणि शिडीनं वर चढून घरात उतरावं लागतं. सर तिकडं कधी गेले नव्हते. ते हैदराबादच्या पलीकडंच कधी गेले नव्हते. पण हैदराबादला शिकत असताना फूटपाथवर त्यांना या लोकांवरचं एक जुनं इंग्रजी पुस्तक मिळालं होतं आणि त्या पुस्तकानं त्यांना धरलं ते धरलंच. शेवटची चाळीसेक पानं वाळवीनं खाल्लेली होती. कुणी पुढचं विचारलं की सर म्हणायचे, “ते वाळवीला विचारा, तिनं पूर्ण वाचलंय.”

विषय कुठलाही निघो, सर फिरून पुएब्लोंवर यायचे. कॉलेजचे शिपाई इस्माईलभाई यांना तो शब्द काही केल्या जिभेवर चढेना. ते मुलांना सांगायचे, “शोर मत करो, पोपळे साब का क्लास चालू हाय.” वर्षभरात सगळ्या कॉलेजचे ते पोपळे साब झाले, मग पोपळे सर झाले, आणि एक दिवस एका विद्यार्थ्याच्या लग्नाची पत्रिका आली, त्यावर चक्क ‘प्रा. पोपळे, सहकुटुंब’. सरांना ना पोपळे आडनाव होतं, ना कुटुंब. लग्न त्यांनी केलंच नव्हतं. मी म्हटलं, “सर, यांना एकदा खरं नाव सांगा की.”

“इरली,” सर म्हणाले.

इरली म्हणजे कानडीत ‘असू द्या’. हा त्यांचा शब्द. बस चुकली, इरली. चहात साखर नाही, इरली. मग म्हणाले, “बाई, पुएब्लो हे तरी त्या लोकांचं नाव कुठं होतं? बाहेरचे आले, त्यांनी घरं बघितली आणि आपल्या भाषेत म्हणाले, हे गाव. पुएब्लो म्हणजे गाव. झालं नाव. माझं एवढं काय मोठं?” त्या लग्नाला ते गेले आणि आहेरावर स्वच्छ अक्षरात पोपळे लिहून आले.

सरांच्या खिशाला दोन पेनं असायची, एक निळं आणि एक लाल. खेड्यात जाऊन लोकांशी बोलायचं आणि वहीत लिहायचं, हा त्यांचा रविवारचा उद्योग. लोक जे बोलले ते निळ्यानं, आपल्याला त्यावर जे वाटलं ते लालनं. “लाल जितकं कमी तितकी वही चांगली,” असं ते मुलांना सांगायचे. स्वतःच्या जुन्या वह्या दाखवायचे, त्यात पानंच्या पानं लाल होती. “हे बघा, तेव्हा मला सगळं कळत होतं.”

दुसरा एक धडा ते दरवर्षी शिकवायचे आणि तो कुठल्याच अभ्यासक्रमात नव्हता. तो असा. आपल्याकडं कुठल्याही गावात परका माणूस आला की त्याला पहिलं काय विचारतात? नाव नाही, जात नाही. ती नंतर. पहिलं विचारतात, “पाऊसपाणी काय म्हणतंय तुमच्याकडं?” हा प्रश्न म्हणजे ओसरी आहे. तुम्हाला बसायला जागा दिली, पण आत घेतलं नाही. तुम्ही पुन्हा पुन्हा जा. एक दिवस ते हे विचारायचं सोडून देतील, नुसतं “बस” म्हणतील. त्या दिवशी वही उघडा, त्याच्या आधी नाही. आणि पुएब्लोंनीही असंच केलं, सर म्हणायचे. आलेल्या विद्वानांना त्यांनी घर दाखवलं, शेत दाखवलं, चांगलं बोलले. पण काही गोष्टींची वेळ आली की गप्प. विद्वानांना वाटलं यांना ठाऊक नाही. ठाऊक नव्हतं कसं? त्यांनी दार लावून घेतलं होतं.

एक सांगायचं राहिलं, मक्याचं. पुएब्लो लोक रेताड जमिनीत काठीनं हातभर खोल भोक पाडून मका लावतात, एका भोकात मूठभर दाणे, कारण ओल खाली असते. हे वाचून सरांनी कॉलेजच्या मैदानाच्या कडेला तसाच मका लावला. पावसानं ओढ दिलेली, सगळीकडं करपलेलं, आणि सर धोतराचा काचा मारावा तशी पँट गुडघ्यापर्यंत दुमडून काठीनं भोकं पाडताहेत. बघायला गर्दी. कॉलेजचे माळी भानुदासमामा बराच वेळ बघत उभे होते. शेवटी म्हणाले, “सर, हे अमेरिकेहून कामून आणलं? आमची रब्बीची जवारी बी खोलच पेरत्यात की. वल बघून.” सरांनी तिथल्या तिथं, मातीच्या हातानं, निळं पेन काढलं. मका गुडघाभर आला आणि मग वॉचमनच्या शेळीनं खाल्ला. सर त्यावर काय म्हणाले असतील ते आता सांगायला नको.

हे सगळं चाललं होतं ते दिवस आमच्या गावाला पंख फुटण्याचे होते. लातूर जिल्हा झाला. त्याआधी आम्ही उस्मानाबाद जिल्ह्यात. एका रात्रीत कुणी बदललं नाही, पण पाट्या बदलल्या. दुकानांवरचं ‘जि. उस्मानाबाद’ पांढऱ्या रंगानं झाकलं आणि पहिल्या वर्षी ऊन पडलं की खालचं दिसायचं. रबरी शिक्केवाल्याला जेवायला वेळ मिळेना. कलेक्टर आले, कचेऱ्या आल्या, आणि कचेरी आली की अर्ज आला, अर्ज आला की टायपिंग आलं. पाऊस मात्र आला नाही. बाहत्तरच्या दुष्काळाशी त्याची तुलना करायला म्हातारी माणसं तयार नव्हती, ती म्हणायची, हे काहीच नाही. पण टँकरमागं घागरी घेऊन आम्हीही पळालो.

नवा जिल्हा झाल्यावर कॉलेजांनाही मोठं व्हायची घाई झाली. विभागाला प्रमुख हवा आणि प्रमुख डॉक्टर हवा, असं ठरलं. प्राचार्यांनी सरांना बोलावून सांगितलं, “खानापुरे, तो प्रबंध एकदाचा पुरा करा. जागा तुमचीच आहे.” सरांचा प्रबंध दहा वर्षं चालू होता. कोरड्या मुलखातली माणसं पाऊस कसा मागतात, हा विषय. एका बाजूला पुएब्लोंचे नाच, दुसऱ्या बाजूला आपल्याकडचं पाण्यात देव कोंडणं, गाव बाहेर काढून रानात स्वयंपाक करणं, असलं सगळं. सर वह्यांचं गाठोडं घेऊन माझी माडी चढले.

“बाई, निळं ते काळ्यात आणि लाल ते लालमध्ये जमेल का?”

माझ्या यंत्राच्या फितीला दोन पट्टे होते, वर काळा आणि खाली लाल. म्हटलं, जमेल. आयुष्यात पहिल्यांदा त्या लाल पट्ट्याचा कुणीतरी उपयोग करत होतं.

चार प्रकरणं मी दोन महिन्यांत केली. त्यात लाल बरंच होतं. पाचवं प्रकरण आलं आणि त्यात लाल एक शब्द नव्हता. सगळं निळं. लोह्याच्या अलीकडं एक गाव आहे, नाव सांगत नाही, तिथल्या कोंडाबाई नावाच्या म्हातारीनं सांगितलेलं. बाहत्तरच्या दुष्काळात त्या गावच्या बायकांनी पावसासाठी एक गोष्ट केली होती, फक्त बायकांनी, आणि त्यांच्या आयांनी, आज्यांनी त्यांच्या त्यांच्या दुष्काळात केली होती. काय करायच्या, काय म्हणायच्या, कुठल्या क्रमानं, ते सगळं त्यात होतं. तुम्हाला वाटत असेल मी आता ते सांगेन. न्हाई.

प्रकरणाची पहिलीच ओळ कोंडाबाईच्या तोंडची होती. सरांनी ती जशीच्या तशी उतरवली होती आणि मी जशीच्या तशी टाइप केली: “मला लेक न्हाई मास्तर. सून पुण्याला गेली. तुज्या घरच्या बाईला सांग. तोंडानं सांग, लिहू नगंस. कागदावर गेलं की ते कागदाचं होतंय, बाईचं ऱ्हात न्हाई.”

हे मी माझ्या बोटांनी टाइप केलं आणि माझी बोटं थांबली नाहीत. टाइप करणाऱ्याचे हात वाचत नाहीत, हे आमच्या धंद्यातलं पहिलं कौशल्य. पण सर तर वाचणारे होते. नको लिहू, हे वाक्यसुद्धा त्यांना माहिती वाटली, म्हणून त्यांनी ते निळ्यानं लिहून ठेवलं. ह्या माणसाकडून ही चूक कशी झाली याचा मी पुष्कळ विचार केला आहे. मला वाटतं, वही जितकी चांगली होत गेली तितकं त्यांना ऐकू कमी येत गेलं. आणि दहा वर्षं झाली होती, डॉक्टर व्हायचं होतं, तेही होतंच. त्यांनी ते कधी लपवलं नाही.

मूळ प्रत सरांनी विद्यापीठात मार्गदर्शकांना दाखवली. मार्गदर्शक म्हणाले, पाचवं प्रकरण म्हणजेच प्रबंध, बाकीचं इकडंतिकडं पुस्तकांत सापडतं, हे कुठंच नाही. सर हवेत. परत येताना पेढे घेऊन माडीवर आले. मला म्हणाले, “कोंडाबाईला सांगून येतो. तिचं नाव होणार.” रविवारच्या पहिल्या यष्टीनं गेले.

सोमवारी ते क्लासला आले तेव्हा मुलींचा तास चालू होता. सर कोपऱ्यातल्या बाकावर बसून राहिले. तास संपला, मुली गेल्या. मी विचारलं, “भेटल्या का कोंडाबाई?”

“भेटल्या.”

“खूश झाल्या असतील.”

“मी सांगितलं, माय, तुझं सगळं कागदावर आलं, मोठी माणसं वाचणार आहेत. तिनं ऐकून घेतलं. चहा केला. मग समोर बसली आणि म्हणाली, पाऊसपाणी काय म्हणतंय तुमच्याकडं?”

नऊ वर्षं सर त्या घरी जात होते. नऊ वर्षांत ती त्यांना नुसतं “बस” म्हणायची, कधी तेही नाही, हातातलं निवडायचं सूप त्यांच्यापुढं सरकवायची. ‘तुझ्याकडं’चं ‘तुमच्याकडं’ झालं होतं.

“रागावली असती तर बरं झालं असतं,” सर म्हणाले. “मुलांना वीस वर्षं शिकवतोय मी हे. दार लावलं बाई तिनं. आणि इतक्या चांगल्या रीतीनं लावलं की चहा पिऊन उठलो तरी मला आधी कळलंच नाही. अहमदपूरला बस बदलताना कळलं.”

इरली ते म्हणाले नाहीत. त्या दिवशी पहिल्यांदाच म्हणाले नाहीत, म्हणून मला भीती वाटली.

पुढच्या आठवड्यात ते विद्यापीठात जाऊन पाचवं प्रकरण परत घेऊन आले. मार्गदर्शकांनी पुष्कळ समजावलं म्हणे. गावाचं नाव बदला, बाईचं नाव बदला, सगळे बदलतात. सर म्हणाले, नाव बदलून तिचा प्रश्न कुठं बदलतो? प्राचार्यांनी समजावलं. जिल्हा नवा आहे, संधी पुन्हा येत नाही. मीही समजावलं, आणि माझं समजावणं सगळ्यात वाईट होतं, कारण मी रागावले होते. खरं सांगते, फार राग आला मला. ती पानं मी केली होती, तुटक्या ‘ळ’नं केली होती, एकही चूक नव्हती त्यांत. आणि मला सरांना डॉक्टर झालेलं बघायचं होतं. समोरच्या फाटकावर नावाची पाटी लागेल, खरं नाव, असं मी मनाशी धरलं होतं. मी म्हटलं, “एका म्हातारीला वाईट वाटलं म्हणून दहा वर्षं पाण्यात घालता?”

“तिला वाईट वाटलं नाही बाई. तिला मी परका झालो.” मग म्हणाले, “तुमच्याकडच्या नकला द्या.”

मी दोन कार्बन प्रती काढून दिल्या.

“आणि कार्बन?”

“कार्बनचं काय करता? वापरलेला आहे.”

त्यांनी एक कार्बन उचलून खिडकीशी धरला. उजेडात त्याच्यावर अक्षरं दिसत होती, ओळ न् ओळ. मी रोज कार्बन वापरणारी बाई, मला हे कधी सुचलं नव्हतं. त्या प्रकरणाचे सगळे कार्बन मी शोधून दिले. मूळ प्रत, नकला, कार्बन, सगळं सरांनी एका पिशवीत घातलं, वहीतली निळी पानं सोडवून त्यात घातली आणि म्हणाले, “रविवारी तुम्हाला माझ्याबरोबर यावं लागेल. मी तिला निरोप पाठवला होता, एका बाईंनी टाइप केलेलं सगळं घेऊन येतो म्हणून. उलटा निरोप आलाय, जिनं छापलं त्या बाईला आण.”

मी गेले. यष्टीत सर खिडकीशी पिशवी मांडीवर घेऊन बसले होते. बाहेर सगळी रानं नांगरून उघडी पडलेली. कोंडाबाईचं घर गावाच्या टोकाला, दोन खणांचं. ती बाई हातभर उंचीची, पण बसली की घर भरल्यासारखं वाटायचं. सर बाहेरच उभे राहिले. ती मला आत घेऊन गेली आणि दार लोटलं.

“तुला काय काय आठवतंय?” तिनं विचारलं.

म्हटलं, “सगळं.”

हे मला तोपर्यंत माहीत नव्हतं. हात वाचत नाहीत, पण हात विसरतही नाहीत. मी बोलत गेले आणि माझी बोटं मांडीवर आपोआप हलत होती. ती मध्ये दोनदा थांबवून म्हणाली, “असं न्हाई, असं.” सरांनी दोन ठिकाणी चुकीचं लिहिलं होतं. सरांचं काय, पुरुषाला ते तसंच ऐकू आलं असणार. मी दुरुस्त करून पुन्हा म्हटलं. तिसऱ्यांदा तिनं मान डोलावली.

“आता हे तुजं,” ती म्हणाली. “कुणाला सांगशील?”

“अजून माहीत नाही.”

“घाई न्हाई. पर बाईलाच सांग. आन् तोंडानं.”

मग तिनं दार उघडलं आणि सरांना म्हणाली, “बस की. उन्हात कामून हुबा?”

सर बसले. त्यांनी पिशवी तिच्यापुढं ठेवली. तिला वाचता येत नव्हतं. तिनं पानं चाळली, बोटं काळी झाली, आणि तिनं घागरीतलं पाणी एका घंगाळात ओतलं. टँकर आदल्या दिवशी येऊन गेला होता, पुन्हा कधी येईल त्याचा नेम नव्हता. अर्धी घागर पाणी त्या बाईनं आमच्या पाचव्या प्रकरणावर घातलं. आमच्याकडं रद्दी भिजवून, कुटून, त्यात वाटलेल्या मेथ्या घालून टोपली करतात, पालथ्या पातेल्यावर थापून. सरांना वाटलं ती फाडून टाकणार. म्हातारी म्हणाली, “फाडू कशाला? चांगला कागद हाय.”

सर हसले. मला मात्र तेव्हा हसू आलं नाही.

प्रबंध गेलाच नाही. चार प्रकरणांवर डॉक्टर करत नाहीत, आणि सरांनी पाचव्या जागी दुसरं काही घालायला नकार दिला. दोन वर्षांनी त्यांच्याच हाताखाली शिकलेला एक मुलगा डॉक्टर होऊन विभागप्रमुख म्हणून आला. हुशार होता, आदर ठेवून वागायचा. सर वर्गावर जाताना त्याच्या खोलीत डोकावून “येऊ का डॉक्टर?” असं विचारायचे, आणि त्यात टोमणा नसायचा. मीच खिडकीतून बघून जळायची. पगाराचं, मानाचं सोडा, सरांना निवृत्तीपर्यंत त्या कोपऱ्यातल्या टेबलावर बसावं लागलं, जिथं पंखा पोचत नव्हता. एकदा मी न राहवून विचारलं, “सर, वाईट वाटतं का?”

“वाटतं की,” ते म्हणाले. “रोज वाटतं. चार वाजेपर्यंत. चारला चहा येतो.”

निवृत्तीनंतर ते नांदेडला पुतणीकडं राहायला गेले. बरीच वर्षं पत्रं येत होती, मग बंद झाली. पुतणीनं कळवलं, काकांची तब्येत बरी नसते, उठून बसतात पण चालवत नाही. मी सकाळच्या गाडीनं निघाले. वाटेत जंक्शनला गाडी बराच वेळ उभी राहिली, ती नेहमीच राहते. नांदेडात पत्ता विचारत गल्लीत शिरले तर शेजारची बाई म्हणाली, “पोपळे सरांकडं का? ते काय, निळं दार.” जिल्हा ओलांडून ते नाव त्यांच्या मागं आलं होतं. बहुतेक त्यांनीच आणलं असणार.

सर पलंगावर उशीला टेकून बसले होते, फारच बारीक झालेले. समोर खुर्चीत एक तरुण प्राध्यापक. मांडीवर वही, वहीवर छोटा टेपरेकॉर्डर. दोघांच्या मध्ये स्टुलावर एक टोपलं होतं आणि त्यात भाजलेल्या शेंगा. सरांनी मला बघितलं, हातानंच बस म्हणून खूण केली.

तो तरुण सांगत होता, “सर, बायकांचा एक पर्जन्यविधी तुम्ही नोंदवला होता, असं आमच्या विभागात म्हणतात. फक्त तुमच्याकडंच त्याची माहिती आहे म्हणे. तेवढं सांगितलंत तर फार उपकार होतील.”

सरांनी टोपलं त्याच्याकडं सरकवलं. मग अगदी प्रेमानं म्हणाले, “घ्या, शेंगा घ्या. पाऊसपाणी काय म्हणतंय तुमच्याकडं?”

त्या बिचाऱ्यानं बिलोलीकडं कुठं किती पडला, पेरण्या कुठं अडल्या, सगळं मनापासून सांगितलं. सर माना डोलावत होते. तो शेंगा फोडत होता आणि टरफलं टोपल्याच्याच एका बाजूला टाकत होता. माझं लक्ष टोपल्याकडं गेलं. ते कागदाच्या लगद्याचं होतं. कोंडाबाईच्या हातात त्या वयात कुटायचं बळ राहिलं नसावं, कागदाचे काही तुकडे लगद्यात तसेच राहून गेले होते. काठापाशी एक अख्खा शब्द होता, ‘आभाळ’. त्याच्या ‘ळ’ला शेपटी नव्हती.

तो तरुण अर्ध्या तासानं उठला. नमस्कार करून गेला. जाताना पुतणीला म्हणाला, सरांचं वय झालंय, आठवत नाही आता. सरांनी ते ऐकलं आणि त्यांच्या चेहऱ्यावर वर्गात असायचं ते जुनं, मिस्कील समाधान आलं. मी टोपलं जवळ ओढलं आणि टरफलं वेचायला लागले, काहीतरी करायला हवं म्हणून.

“बाई,” सर म्हणाले. आवाज पार खाली गेला होता. “तुम्ही कुणाला सांगितलंत?”

“भाचीला. गेल्या वर्षी. टायपिंग शिकायला यायची, तीच.”

“तोंडी?”

“तोंडी.”

सरांनी टोपल्यातली एक शेंग घेतली. फोडायला त्यांच्या बोटांत जोर नव्हता, म्हणून ती माझ्यापुढं धरली.

“इरली,” ते म्हणाले.